परतणी संपेना

“लग्न कधी?” मी विचारलं.

“परतणी सरली की,” दगडूआबा म्हणाले.

“आणि परतणी कधी सरणार?”

“गेलेली समदी परतली की.”

“म्हणजे किती दिवसांनी?”

आबांनी हातातलं शिंग मांडीवर ठेवलं आणि मी काहीतरी अचकट विचकट बोललो असावं अशा नजरेनं माझ्याकडे पाहिलं. “पाव्हणं,” ते म्हणाले, “दिवस तुरुंगातला माणूस मोजतो. तुमाला हितं कुणी डांबून ठेवलंय व्हय?”

पारावरची मंडळी खो खो हसली. मीही हसलो. होणाऱ्या सासुरवाडीत पहिल्याच सकाळी तोंड वाकडं करणं शोभत नाही. पण माझ्याकडे दिवस थोडे होते आणि ते मोजल्याशिवाय माझं भागणार नव्हतं.

मी शिंपलबंदरचा. नाव हरबा, काम गलबतावर सुकाणू धरण्याचं. आमच्या किनाऱ्यावर आकाश कसं लख्ख असतं आणि त्यात दोन चंद्र. थोरला सावकाश चालतो, धाकटा सदा घाईत. थोरल्यावरून आम्ही महिना धरतो, धाकट्यावरून आठवडा. आणि बऱ्याच काळानं कधीतरी दोघं एकाच रात्री पूर्ण भरतात, त्या रात्रीला जोडपुनव म्हणतात. तेव्हा समुद्राला असं उधाण येतं, की बंदराच्या तोंडावरचा वाळूचा दांडा बुडून जातो आणि मोठी गलबतं बाहेर पडतात. ती रात्र चुकली की पुढच्या जोडपुनवेपर्यंत वाळूत रुतून बसायचं. निघताना तांडेलानं मला बजावलं होतं, “बायको घेऊन जोडपुनवेच्या आत ये. नाहीतर सुकाणू दुसऱ्याच्या हातात देईन, मग रडत येऊ नकोस.”

आणि इथं झाकोळात चंद्रच दिसत नव्हते. झाकोळ म्हणजे डोंगराच्या कुशीतलं खोल खोरं, बाराही काळ धुक्यानं भरलेलं. दिवसा सूर्य दिसला तर ताकात तरंगणाऱ्या लोण्याच्या गोळ्यासारखा. रात्री तेवढंही नाही. मग मी आपला रोज सकाळी उठलो की कमरेच्या चंचीत एक खडा टाकायचो. हे केवडाच्या लक्षात आलं, तिनं ते विहिरीवर सांगितलं आणि संध्याकाळपर्यंत गावानं माझं नाव मोजणीदार ठेवलं.

केवडा म्हणजे माझी होणारी बायको. आदल्या वर्षी ती थोरल्या भावाबरोबर, रानूबरोबर, मध विकायला आमच्या बंदरावर आली होती. मधाचा भाव विचारायला गेलो आणि तिथंच बसलो. चार दिवस रोज मध विकत घेतला. शेवटी रानूच म्हणाला, “अरे बाबा, एवढा मध खाऊन मरशील. त्यापरीस पोरगीच मागून टाक की.” त्याचा आवाज एवढा मोठा, की बाजारातल्या कावळ्यांनी जागा बदलली. डाव्या हातानं माझ्या पाठीत दणका घालून त्यानं सोयरीक पक्की केली. “फुडल्या जोडणीला ये,” म्हणाला. मी घरी जाऊन विचारात पडलो, की जोडणी म्हणजे कधी? तो तर निघूनही गेला होता. मग अंदाजानंच आलो.

मला चौकशा करण्याची खोड. समुद्रावर ती उपयोगी पडते. झाकोळातल्या लोकांना तिचा वैताग आला असावा, पण दगडूआबांना बोलायला माणूस हवाच होता. ते गावचे हाकारी. महिना सरला की टेकाडावरच्या कातळावर चढून शिंग फुंकायचं आणि नव्या महिन्याची हाक द्यायची, एवढंच त्यांचं काम. महिने लवकर सरत नसल्यामुळं त्यांना वेळच वेळ होता.

“म्हैन्याला एक काम असतं,” त्यांनी मला समजावलं. “ते झालं की म्हैना सरला. शेवटचं वावर पेरून झालं की पेरणी सरली.”

“आणि एखादा आळशी निघाला तर?”

“तर समदं गाव त्याच्या दारात जाऊन बसतं. जेवायलाबी तिथंच मागतं. दुसऱ्या दिशी पेरतो.”

“आणि निजवणीचा महिना?”

“तळ्यातलं थोरलं कासव चिखलातनं डोकं वर काढतं, तवा सरती.”

“कासव मेलं तर?”

आबा बराच वेळ शिंगावरून अंगठा फिरवत राहिले. “हे आजवर कुणी इचारलं न्हाई,” ते म्हणाले. “तुमी लई वंगाळ बोलता बगा.” त्या संध्याकाळी ते काठी टेकत तळ्याकडे जाताना मला दिसले.

मला सगळ्यांत मजा वाटली ती मिटवणीची. त्या महिन्यात गावातली सगळी भांडणं मिटवायची, आणि शेवटचं भांडण मिटलं की महिना संपला. एकदा दोन जावा एका पळीवरून भांडल्या आणि मिटवेनात. आर्जवं झाली, मानपान झाले, महिना काही हलेना. अखेर सासऱ्यानं वैतागून ती पळी नदीत भिरकावली. तेव्हा दोघी मिळून सासऱ्याला शिव्या देऊ लागल्या, आणि त्या एका बाजूला झालेल्या बघताच आबांनी धावत जाऊन शिंग फुंकलं.

“पण मग कामं खोळंबत असतील?” मी विचारलं.

“कामं कशाला खोळंबतील? गुरं धुवायची ती धुतोच, कापणी यायची ती येतीच. पर पोराला नाव ठेवणं, लगीन लावणं, घरावर आढं चढवणं, ही कामं जोडणीची. ती जोडणीतच. आन् जोडणी लागती परतणीच्या मागनं.”

इथं आमचं गाडं अडलं होतं.

पेरणी झाली की झाकोळातली निम्मी माणसं मध, लोकर, डिंक घेऊन खोऱ्याबाहेर जातात. जाणारा प्रत्येक जण आपली पाणी प्यायची मातीची वाटी पारावर पालथी घालून जातो. परत आला की घरी जायच्या आधी पारावर यायचं, आपली वाटी उलटायची, घडवंचीवरच्या घागरीतलं पाणी तीत ओतून प्यायचं आणि मग घरचा रस्ता धरायचा. पारावर एकही वाटी पालथी उरली नाही की परतणी सरली.

मी पोचलो तेव्हा एकच वाटी पालथी होती. रानूची.

तो एकटाच उत्तरेला लोखंड आणायला गेला होता. त्याचं खेचर मात्र परत आलं होतं, एकटं, खोगीर चिखलात माखलेलं. माणसं नदीपर्यंत शोधून आली. नदीला मोठं पाणी होतं.

“मग असं झालं तर महिना संपतो कसा?” मी केवडाला विचारलं. ती विहिरीवर घागर घासत होती आणि मी तिला मदत करतोय असं दाखवत होतो.

“घरातलं मोठं माणूस पारावर जातं,” ती म्हणाली. “वाटी हातात घेतं. ‘येणार न्हाई’ म्हणतं, आन् वाटी फोडतं. दुसऱ्या कुणाला तो हक्क न्हाई. आमच्या घरात आऊच मोठी.”

“आणि ती म्हणत नाही.”

“तुमी म्हणाल?” तिनं घासणं थांबवून विचारलं. ती पुन्हा घागर घासू लागली, चकचकीत झाल्यावरही घासतच राहिली.

तिची आई, लिंबाऊ, काटक बाई. बोलणं थोडं, काम भरपूर. मला पाहुणा म्हणून ती दाराजवळच्या मानाच्या पाटावर बसवायची आणि “घ्या पाव्हणं, लाजू नका” म्हणत वाढत राहायची. चंचीत खडे वाढत चालले तसा माझा धीर सुटला. एके दुपारी मी घसा खाकरून म्हणालो, “आऊ, ते खेचर...”

“ते पयल्यापासनं पळपुटं हाय,” ती म्हणाली. “लहान होतं तवाबी असंच पळून यायचं. भाकरी घ्या.”

मी भाकरी घेतली.

गावाचे हाल वेगळे. शेजारच्या घरातलं पोर रांगायला लागलं तरी त्याला नाव नव्हतं, सगळे त्याला “ए गड्या” म्हणायचे. आणखी दोन लग्नं तटली होती. एका नव्या घराच्या भिंती आढ्यावाचून धुक्यात भिजत उभ्या होत्या. एक दिवस सगळं गाव लिंबाऊच्या दारात येऊन बसलं. मला वाटलं, आता आळशी शेतकऱ्यासारखं हिच्याकडेही जेवण मागणार. पण कुणी काही मागितलं नाही. लिंबाऊनं आपणहून सगळ्यांना ताक दिलं. सगळ्यांनी ते पिऊन गडवे जागेवर ठेवले आणि घरोघर निघून गेले.

त्या दिवशी मी खडे ओतून मोजले. आता निघालो नाही तर जोडपुनव चुकणार होती.

आणि मग मला युक्ती सुचली. आजही ती आठवली की स्वतःच्या शहाणपणाचं हसू येतं. मी विचार केला, नियम काय आहे? पारावर पालथी वाटी नको. कुणाची वाटी कुणी उलटायची याबद्दल मला कुणी काही बोललेलं नव्हतं. हक्काची गोष्ट होती ती वाटी फोडण्याची. मग ‘येणार नाही’ असं त्या माउलीच्या तोंडून वदवायचं कशाला? वाटी सुलटी केली की झालं! कुणाचं मन दुखत नाही, कुणाला मेलेला म्हणावं लागत नाही, महिना मोकळा. एवढी सोपी गोष्ट या लोकांना सुचली कशी नाही, याचंच मला नवल वाटलं.

सकाळी पारावर गर्दी असते. मी सगळ्यांच्या देखत गेलो, रानूची वाटी उचलली, उलटली. नुसती उलटून भागेल की नाही अशी शंका आली, म्हणून रीतीप्रमाणे घागरीतलं पाणी ओतलं आणि घटाघटा पिऊन टाकलं. मग वाटी ठेवून म्हणालो, “घ्या आबा! एकही वाटी पालथी नाही. फुंका शिंग!”

कुणी हसलं नाही. कुणी रागावलंही नाही. मग त्या बिननावाच्या पोराची आई उठली, माझ्याजवळ आली आणि म्हणाली, “आलास? बरं झालं बाबा.”

“आलास, रानू?” दुसरा म्हणाला. “लई वाट बघितली तुजी.”

एकेक करून सगळे आले. कुणी खांद्यावर हात ठेवला, कुणी गालावरून फिरवला. म्हातारी माणसं रडत होती. मी “अहो, मी हरबा, मोजणीदार,” म्हणत राहिलो, तर ती माना डोलवत “व्हय व्हय” म्हणत होती. दगडूआबा एवढे भरभर कातळावर चढले, की त्यांना काठी लागते यावरचा माझा विश्वासच उडाला. शिंग घुमलं. “परतणी सरली! जोडणी लागली!” खोऱ्यात घरोघर थाळ्या वाजल्या.

गर्दीच्या पलीकडे केवडा उभी होती. आनंदानं धावत येईल असं मला वाटलं होतं. ती आली, पण सावकाश चालत.

“हे काय केलंत?” ती म्हणाली.

“महिना संपवला. आता आपलं लग्न!”

“कुणाशी लगीन? पाणी कुणाच्या वाटीतलं प्यालात? वाटीतलं पाणी जो पितो तो परत आला. माणूस बाहेरनं येताना बदलून येतो, दाढी वाढवून, जखमा घेऊन. म्हणून आमच्यात परतणाऱ्याला ‘तू कोण’ असं इचारत न्हाईत. प्याला तो आला. तुमी रानू झालात.” तिचा आवाज चिरकला. “तुमी माजे भाऊ झालात, मोजणीदार! आता भैणीशी लगीन लावता?”

मी धावत आबांकडे गेलो. “मला माहीत नव्हतं! कुणी सांगितलं नाही!”

“एवढं समदं इचारलंत, आन् हेच कसं इचारलं न्हाई?” आबा म्हणाले. त्यांचा चेहरा खरोखर कळवळला होता. “हाक माघारी घेता येत न्हाई.”

“मग आता आऊनं म्हणायचं ना, की रानू येणार नाही?”

“आलेला माणूस येणार न्हाई, असं कसं म्हणायचं? आदी तू जायला पायजे. रानू म्हणून, वाटी पालथी घालून. मग तिला म्हणता येईल. पर ते तिच्या मनावर.” ते क्षणभर थांबले. “आन् ती कशाला म्हणंल? तिचा ल्योक आलाय.”

हे सगळं होईपर्यंत लिंबाऊ पारावर आलीच नव्हती. मी घरी गेलो तेव्हा ती चुलीपुढं बसली होती. दारातला मानाचा पाट उचलून ठेवलेला. चुलीशेजारी, भिंतीला टेकून बसता येईल अशा जागी, एक ताट मांडलेलं होतं.

मला आधी तिची क्षमा मागायची होती. तोंड उघडलं तर ती म्हणाली, “बस. निवतंय.”

‘बसा’ नाही, ‘बस’. मी बसलो. ताटात लसणीचा ठेचा, मेथीचं पिठलं आणि जाड भाकरी. पाहुण्याला वाढायचं जेवण नव्हतं ते. मी घास मोडला. ती एकटक माझ्या हाताकडे बघत होती. मी उजव्या हातानं खात होतो. तिचे ओठ हलले, पुन्हा मिटले. काहीतरी म्हणायचं होतं आणि म्हणायला जागा मिळत नव्हती. मला बंदरावरचा तो पाठीतला दणका आठवला. मी घास डाव्या हातात घेतला.

“डाव्या हातानं जेवू नगंस!” ती एकदम ओरडली. “किती डाव सांगितलं! सासरवाडीला गेल्यावर लोक काय म्हणतील?”

“चुकलं, आऊ,” मी म्हणालो आणि डाव्याच हातानं घास तोंडात घातला.

“ऐकत न्हाई मेला,” ती म्हणाली आणि पदर तोंडाला लावून हसली. हसता हसता रडली. केवडा दाराआड उभी होती, तीही रडत होती. मी ठेच्यानं आलेल्या घामाचं निमित्त करून डोळे पुसले.

जेवण झाल्यावर लिंबाऊ माझ्याजवळ येऊन बसली. खाली बघत म्हणाली, “तुमी कोण हाय ते मला ठावं हाय, पाव्हणं. डोस्कं फिरलेलं न्हाई माजं. पर थोडं ऱ्हाऊ दे असंच. त्यो गेला तवा मी मळ्यात होते. जाताना दिसलाबी न्हाई मला.”

“किती दिवस?” हा प्रश्न माझ्या ओठावर आला होता. चंचीतले खडे कमरेला टोचत होते. समुद्र, तांडेल, सुकाणू, सगळं डोळ्यांपुढून गेलं. तिच्या उत्तराला दिवसांचा हिशेब नसणार हे मला कळत होतं. आणि तिनं ‘आता बास’ कधीच म्हटलं नाही, तर केवडाही गेली, हेही कळत होतं.

“राहतो, आऊ,” मी म्हणालो. दुसऱ्या दिवशी मी खडा टाकला नाही.

मग मी रानू झालो. लाकडं फोडली, शेण काढलं, त्या पळपुट्या खेचराच्या लाथा खाल्ल्या. लिंबाऊ मला उठता बसता बोलायची. केस वाढलेत, पाय धुऊन घरात ये, एवढ्या मोठ्यानं ओरडू नगंस. आणि मी मुद्दाम मोठ्यानं बोलायचो. तिनं माझ्या डोक्याला तेल लावलं. रानूच्या लहानपणच्या खोड्या मलाच सांगून माझीच कानउघाडणी केली. गावात नावं ठेवली गेली, आढं चढलं, इतरांची लग्नं लागली. त्या लग्नांत केवडा आणि मी बहीणभाऊ म्हणून वाढप करत होतो. एकदा पत्रावळ देताना तिचा हात माझ्या हाताला लागला आणि तिनं चटका बसल्यासारखा मागं घेतला. “आऊला इचारा की,” ती पुटपुटली. “कवा म्हणणार?”

“मी नाही विचारणार,” मी म्हणालो. माझ्यासारख्या चौकस माणसाच्या तोंडून हे ऐकून ती माझ्याकडे बघतच राहिली. रागावली असेल. माझंही मन आतून खात होतं, पण जी बाई सगळ्या गावाला ताक पाजून परत पाठवते तिला मी कुठल्या तोंडानं विचारणार होतो?

एका पहाटे लिंबाऊनंच मला हलवून उठवलं. चुलीवर भाकऱ्या होत होत्या. चांगली जाड चळत. “ऊठ रानू,” ती म्हणाली. “तुला निघायचं हाय न्हवं?”

मी उठलो. तिनं भाकऱ्या फडक्यात बांधल्या, वर कांदा ठेवला, गाठ मारली, पुन्हा सोडून आणखी एक भाकरी घातली. आम्ही दोघं पारावर गेलो. मी रानूची वाटी पालथी घातली. कुठून कळलं कोण जाणे, दगडूआबा शिंग घेऊन आधीच तिथं बसलेले होते.

खिंडीच्या पायथ्यापर्यंत ती माझ्याबरोबर आली. धुक्यात तिचा श्वास ऐकू येत होता. वाटेत ती सारखी सांगत होती, आणि मी “हो आऊ, हो आऊ” करत होतो. “नदीला पाणी आसलं तर थांब. एक दीस उशीर झाला तर जग बुडत न्हाई. खेचरावर इसंबू नगंस. वल्ल्या अंगानं निजू नगंस. कुणाशी भांडलास तर आवाज जरा बारीक ठेव.” पायथ्याशी थांबून तिनं माझा चेहरा दोन्ही हातांनी धरला, कानशिलांवर बोटं मोडली. “जा,” म्हणाली. “फुडं बघून चाल. मागं बघू नगंस. बघितलंस तर मला सोडवणार न्हाई.”

मी चढ चढू लागलो. मागं बघितलं नाही. मला माझी आई आठवत नाही, मी लहान असतानाच गेली. त्यामुळं पाठीमागं कुणीतरी उभं आहे हे माहीत असताना चालत राहणं किती जड असतं, ते मला त्या दिवशी पहिल्यांदा कळलं.

खिंडीच्या माथ्यावर धुकं संपलं. वर निळं आकाश, आणि पश्चिमेला मावळायला आलेले दोन्ही चंद्र, थोरला आणि धाकटा, दोघांच्याही कडा झिजायला लागलेल्या. जोडपुनव होऊन गेली होती. माझं गलबत कुठल्याशा समुद्रावर दुसऱ्याच्या हातानं चाललं होतं. मी दगडावर बसून एक भाकरी खाल्ली. वाईट वाटलं, नाही असं नाही, पण वाटलं होतं तितकं नाही.

मग खाली शिंग वाजलं. महिन्याची हाक मी ऐकली होती, ती उड्या मारत येते. हे तसं नव्हतं. एकच लांब सूर, श्वास संपेपर्यंत ओढलेला. त्याच्यामागून गावाचा आवाज आला, सगळ्यांचा मिळून. आऊनं वाटी फोडली होती आणि बायाबाप्ये रानूसाठी रडत होते. इतके दिवस त्यांनीही ते धरून ठेवलं होतं.

मी दिवसभर वरच बसून राहिलो. ऊन कलल्यावर दुसऱ्या वाटेनं, बंदराकडून येणारे पाहुणे येतात त्या वाटेनं, खाली उतरलो. वेशीवर दगडूआबा होते. “या पाव्हणं,” ते म्हणाले. “लगनाला आलात जणू?”

“हो.”

“येळेवर आलात. जोडणी चालू हाय.”

दारात केवडा दिसली नाही. नवरीनं त्या वेळी समोर यायचं नसतं. लिंबाऊ बाहेर आली. डोळे सुजलेले, पण लुगडं धुतलेलं, केस नीट बांधलेले. मानाचा पाट पुन्हा मांडलेला होता. तिनं मला त्यावर बसवलं आणि जावयाचे पाय धुवायला परात पुढं ओढली. गरम पाणी ओतलं. सकाळी खिंड चढताना माझ्या टाचेला दगड लागला होता. तिथं तिचा हात जरा थांबला, मग हलक्यानं फिरला.

“लांबनं आलात, जावईबापू,” ती खाली मान घालून म्हणाली. “वाटंत आमचा रानू भेटला का तुमाला?”

अंगणातली माणसं जवळ सरकली.

“भेटला, आऊ,” मी म्हणालो. “फडक्यात भाकऱ्या होत्या. पुढं बघून चालला होता. नदीला पाणी असलं तर थांबेन, म्हणाला.”

तिनं मान डोलावली. पदरानं माझा पाय पुसला, आणि दुसरा पाय परातीत ठेवा म्हणाली.